स्टेशन नसलेला चढ

जमिनीखालून धावणाऱ्या मेट्रोबद्दल एक गोष्ट लोकांना सहसा कुणी सांगत नाही. बोगदा सपाट नसतो. शक्य असेल तिथे प्रत्येक स्टेशन थोड्या उंचवट्यावर बसवतात. स्टेशनात शिरताना मेट्रो चढ चढते आणि ब्रेकवर फार जोर न देता मंदावते. निघताना तिला उतार मिळतो, म्हणून कमी विजेत वेग घेते. सायकल चालवलेल्या कुणालाही हे लगेच पटेल. डब्यात बसलेल्याला चढ दिसत नाही, पण त्याच्या पायांना तो कळतो आणि माणूस पिशवी सावरून उठायच्या तयारीला लागतो. पुढे जे सांगणार आहे त्यात हा चढ येणार आहे, म्हणून आधीच सांगून ठेवलं.

मी मातीची इंजिनिअर. जिथे खणायचं तिथे आधी भोकं पाडायची, खालची माती नळीतून वर आणायची, ती चोळून, भिजवून, दाबून बघायची आणि सांगायचं की इथे खड्डा उभा राहील की कोसळेल. ऑफिसात मला 'चिखलबाई' म्हणतात. तोंडावर म्हणतात, त्यामुळे माझा राग नाही. माझा नवरा त्याच ऑफिसात, वरच्या मजल्यावर. त्याचं काम आकड्यांचं: कुठल्या स्टेशनात किती माणसं चढतील, तिकिटातून काय हाती येईल, कर्ज फिटेल की नाही. त्याला 'ज्योतिषी' म्हणतात, कारण मेट्रो रुळावर यायच्या आधीच तो तिचं भविष्य सांगतो. हे नाव मात्र त्याच्या पाठीमागे घेतात.

आम्ही दोघं एकाच कारमधून ऑफिसला जायचो. मेट्रोच्या पत्र्यांनी अर्धा रस्ता अडवलेला, त्यामुळे मेट्रोची माणसं मेट्रोनेच केलेल्या ट्रॅफिकमध्ये रोज अडकून बसायची. शेजारच्या बसमधले लोक पत्र्यांकडे बघून शिव्या घालायचे, आणि आम्ही ऑफिसचं ओळखपत्र गळ्यातून काढून खिशात टाकायचो. त्या वेळात आमचा एक रिवाज पडून गेला होता. कामातली भीती मनात ठेवली की मला जेवण जात नाही, ती कुणाजवळ तरी ओकून टाकावी लागते. मी म्हणायची, "काच वर कर." तो काच वर करायचा, आणि मग मी वाईटात वाईट काय ते बोलून घ्यायची. हा खड्डा आत येणार, ती इमारत कलणार, माझी नोकरी जाणार, वर माझा फोटो पेपरात येणार आणि तोही पासपोर्टवरचा.

"तू रोज सकाळी एक शहर बुडवतेस," तो म्हणायचा, "आणि मीटिंगच्या आत कोरडं करून टाकतेस."

खरंच होतं ते. आमच्या धंद्यात सगळे असंच करतात. आधी पोटभर घाबरायचं आणि मग त्या भीतीला पुरेल एवढी भिंत आखायची. जो घाबरत नाही त्याच्या खड्ड्याजवळ मी उभीसुद्धा राहणार नाही. पण ती भीती कागदावर जात नाही, कागदावर जाते ती भिंत. हे माझ्या नवऱ्याला माझ्याइतकंच माहीत होतं.

तोही बोलायचा काच वर करून. एकदा त्याने सांगितलं की आकडे फुगवलेले आहेत. खोटे नव्हेत, पण फुगवलेले. लोक स्टेशनपर्यंत जेवढं अंतर चालत येतील असं त्याने धरलं होतं, तेवढं माझ्या ओळखीत कुणी चालत नाही. शिवाय मेट्रो सुरू झाली की त्याच बाजूने जाणाऱ्या बस बंद होतील आणि ती सगळी माणसं आपोआप खाली येतील, असंही धरलं होतं. "वरून दट्ट्या आहे," तो म्हणाला, "आणि मेट्रो तर व्हायलाच हवी ना?" मला ते पटलं नाही, पण मी कुणाजवळ ब्र काढला नाही. काच वर होती.

आमच्या मार्गावरचं एक स्टेशन आईच्या गल्लीच्या तोंडाशी येणार होतं. आई टेकाडावरच्या जुन्या वस्तीत एकटी राहायची. आयुष्यभर शाळेत चित्रकला शिकवलेली बाई, अजूनही भाजीवाल्याला वांग्यांचा रंग समजावून सांगायची. गुडघे मात्र कामातून गेलेले. बस टेकाडाच्या पायथ्याशी थांबायची, तिथून घरापर्यंत दगडी पायऱ्या. मी तिला आमच्याकडे येऊन राहा म्हणून किती वेळा सांगितलं असेल. तिचं उत्तर ठरलेलं: "स्टेशन होऊ दे. मग लिफ्टने खाली, लिफ्टने वर, रोज तुमच्याकडे चहाला येईन. पण झोपायला माझ्या घरी." तिचं घर तिच्याकडे राहणार की नाही, हे त्या स्टेशनवर ठरणार होतं. तिने ते बोलून दाखवलं नव्हतं, मीही नाही.

गल्लीत भोकं पाडायला मशीन आलं तेव्हा लोकांनी विरोध केला होता. धूळ, धडधड, दारात चिखल. मशीन उभं राहणार होतं ते बरोबर शिंपीकाकांच्या दुकानासमोर. आई दारोदार फिरली. "माझी लेक आहे ती, पाडू दे तिला भोकं. लहानपणी माझ्या भिंतीला पाडायची, आता पगार घेऊन पाडते." लोक हसले आणि तयार झाले. शिंपीकाकांनी दुकानावर प्लास्टिक ताणलं आणि धूळ खात कपडे शिवले. मी खाली मातीच्या नळ्या तपासत होते आणि आई वरच्या खिडकीतून माझ्याकडे बोट दाखवून कुणाला तरी काहीतरी सांगत होती. मी इतकी मोठी बाई, पण मला मान वर करायची लाज वाटत होती.

पहिल्या नळ्यांतली माती मी दोनदा चोळून बघितली. मधेच एक वाळूचा थर, बारीक, पाण्याने भरलेला. दुसऱ्या दिवशी ट्रॅफिकमध्ये मी म्हटलं, "काच वर कर."

"कोण बुडतंय आज?"

"आई. त्या थराला धक्का लागला तर पाण्यात पीठ कालवल्यासारखी माती होईल. अख्खी गल्ली आत येईल बघ, आईच्या घरासकट. आणि ते मी केलेलं असेल."

तो नेहमीसारखा हसला नाही. माझ्या हातावर हात ठेवून म्हणाला, "सापडेल काहीतरी. तुला सापडतंच." त्या दिवशी मला वाटलं होतं, किती बरं झालं मी या माणसाशी लग्न केलं. हे लिहितानासुद्धा माझ्या अंगाचा तिळपापड होतो.

आणि खरोखर सापडलं. आणखी भोकं पाडली, आणखी खोल. वाळूच्या खाली चांगला कणखर खडक होता. खड्ड्याच्या चारही बाजूंच्या भिंती त्या खडकात रोवल्या की वाळूतलं पाणी बाहेर कोंडलं जातं आणि आत कोरडं खणता येतं. खर्च थोडा वाढत होता, पण असं कित्येक ठिकाणी करतात, त्यात नवल काही नाही. बाहेरच्या तज्ज्ञांनी तपासलं, मान डोलावली. माझा अहवाल गेला: स्टेशन होऊ शकतं. मी आईला फोन करून सांगितलं. तिने ती बातमी गल्लीभर केली.

मग बँकेची माणसं आली. भुयारी मेट्रोचा हिशोब साधारण असा असतो: बोगदा खणणारं यंत्र एकदा आत सोडलं की ते पुढे सरकत राहतं, पैसा खातात ती स्टेशनं. भर वस्तीत एक अख्खी इमारत जमिनीत उलटी गाडायची, गाडताना शेजारच्या भिंतींना तडा जाऊ द्यायचा नाही, पाण्याचे नळ, गटारं, विजेच्या केबल सगळं उचलून बाजूला न्यायचं. एवढं करून तिकिटातून बांधकामाचा खर्च निघेल अशी आशा कुणी धरत नाही. म्हणून कर्ज देणारे विचारतात, निदान माणसं तरी येतील ना? येणाऱ्या माणसांचा वाचलेला वेळ, कमी झालेला धूर, हे सगळं पैशात मोजून पारड्यात टाकतात, आणि पारडं झुकलं तर कर्ज मिळतं. बँकेच्या बाईंना पारडं पुरेसं झुकलेलं वाटलं नाही. खर्च कमी करा, म्हणाल्या, नाहीतर प्रवाशांचे आकडे आम्ही आमच्या माणसांकडून नव्याने काढून घेतो.

एक स्टेशन गाळायचं, एवढं त्या आठवड्यात ऑफिसच्या चहाच्या मशीनजवळ सगळ्यांना कळलं होतं. कुठलं, ते मात्र कळलं नव्हतं. मी निर्धास्त होते, कारण माझं काम चोख होतं. असा मूर्खपणा मी एरवी करत नाही.

मीटिंगला मोठे साहेब होते, म्हणजे प्रकल्पाचे प्रमुख, ज्यांना निर्णय घ्यायच्या आधी चष्मा पुसायची सवय आहे. बँकेच्या बाई होत्या, हळू बोलणाऱ्या आणि सगळं ऐकणाऱ्या. मी होते, माझ्या भिंतींचे नकाशे घेऊन. आणि पडद्याजवळ उभा होता माझा नवरा. सकाळी कारमध्ये तो गप्प होता. मला वाटलं, झोप झाली नसेल.

त्याने आईच्या गल्लीचं स्टेशन गाळायचं सुचवलं. शांतपणे, त्याच्या त्या छान समजावणाऱ्या आवाजात. तिथे प्रवासी कमी आहेत असं तो म्हणाला नाही. तसं म्हणाला असता तर बँकेच्या बाई म्हणाल्या असत्या, म्हणजे तुमचे आकडे चुकलेत, मग बाकीच्या स्टेशनांचं काय? तो म्हणाला, प्रवासी भरपूर आहेत, आम्हाला वाईट वाटतं, पण जमीन धोक्याची आहे. आणि पडद्यावर मोठ्या अक्षरांत एक वाक्य आलं: 'प्रकल्पाच्या भू-तज्ज्ञांच्या मते, धक्का लागल्यास येथील माती पाण्यात पीठ कालवल्यासारखी होऊ शकते.'

पायाखालची जमीन सरकणं हा माझ्या रोजच्या कामातला विषय आहे. त्या क्षणी ती खरंच सरकली. ते वाक्य माझ्या कुठल्याही अहवालात नव्हतं. ते जगात एकाच ठिकाणी बोललं गेलं होतं आणि एकाच माणसाने ऐकलं होतं.

मोठ्या साहेबांनी चष्मा काढला. "हे तुमचं म्हणणं आहे?"

"वाक्य माझं आहे," मी म्हणाले. "निष्कर्ष माझा नाही. निष्कर्ष अहवालात आहे. खाली खडक आहे, भिंती खडकात जातात, स्टेशन होऊ शकतं."

"पण तुम्हाला भीती वाटली होती?" बँकेच्या बाईंनी विचारलं.

"वाटली होती. वाटली नसती तर मी भिंत खडकापर्यंत नेलीच नसती."

"म्हणजे धोका आहे."

"धोका होता. त्याचा बंदोबस्त केलाय." माझा आवाज चढला होता, आणि बाईमाणसाचा आवाज चढला की खोलीत काय होतं ते मला माहीत आहे. सगळ्यांच्या चेहऱ्यावर एकदम समजूतदारपणा आला. "आणि ते मी बोलले तेव्हा काच वर होती."

कुणाला काही कळलं नाही. एकजण हसला. माझा नवरा पडद्याकडे तोंड करून उभा राहिला.

तेव्हा त्याचं गुपित माझ्या जिभेवर आलं होतं. चालत येणारी माणसं, बंद होणाऱ्या बस, वरचा दट्ट्या. दोन वाक्यांत मी त्याला भर सभेत उघडं पाडू शकले असते. बँकेच्या बाई माझ्याकडेच बघत होत्या, जणू वाट बघत होत्या. मी तोंड उघडलं आणि मिटलं. चांगुलपणा म्हणून नव्हे. त्याने काचेआडचं बोलणं चव्हाट्यावर मांडलं तर मांडलं, मी मांडणार नाही, एवढाच एक हट्ट त्या वेळी माझ्याकडे शिल्लक होता. मोठ्या साहेबांनी चष्मा पुसला आणि डोळ्यांवर चढवला. स्टेशन गेलं.

परतताना कार नेहमीच्या जागी अडकली. त्याने आपणहून काच वर केली. मी माझ्या बाजूची खाली केली.

"ऐकून तरी घे," तो म्हणाला. "एक स्टेशन गेलं, पण मेट्रो वाचली. नाहीतर काहीच झालं नसतं."

"तू मेट्रो वाचवलीस की तुझे आकडे?"

"दोन्ही. ते वेगळं कुठे आहे?"

"मग माणसं येणार नाहीत म्हणून सांगायचं होतंस. खरं ते."

"ते सांगितलं असतं तर सगळंच कोसळलं असतं."

"म्हणून माझ्या आईचं घर कोसळवलंस. माझ्या तोंडून."

"मी तुला विचारणार होतो."

"मग?"

"तू नाही म्हणाली असतीस."

केसाने गळा कापणं म्हणतात ते हेच असावं. कापणाऱ्याचा आवाज इतका मऊ होता की मलाच क्षणभर वाटलं, आपण उगाच आरडाओरडा करतोय. मी दार उघडून तिथेच, गाड्यांच्या मधे उतरले आणि चालायला लागले. पत्र्यांच्या कडेने चालत मी त्याच्या कारच्या कितीतरी पुढे निघून गेले.

पेपरात आलं: जमीन ठिसूळ, स्टेशन रद्द. शिंपीकाकांनी दुकानावरचं प्लास्टिक काढून घडी घातली म्हणे. आईने मला समोर बसवून विचारलं, "तू म्हणालीस का माती वाईट आहे म्हणून?"

मी म्हणाले, "म्हणाले होते."

मला पुढे सांगायचं होतं. कुणाजवळ म्हणाले, कधी म्हणाले, आणि नंतर काय सापडलं. पण तिला तिचा जावई फार आवडायचा. पोटच्या मुलासारखा, असं ती चारचौघांत सांगायची. आणि मला पुढचं दिसत होतं. स्टेशन नाही म्हणजे आज ना उद्या तिला आमच्याच घरी यावं लागणार. ज्याच्या घरात उरलेलं आयुष्य काढायचं, त्याने आपलं घर घालवलं, हे त्या बाईला मी कुठल्या तोंडाने सांगू? मी मूग गिळून बसले.

तिने माझ्या डोक्यावरून हात फिरवला. "बरं केलंस. खरं ते सांगितलंस. लोक बोलतील, बोलू देत."

त्यानंतर बोगद्याचे नकाशे पुन्हा आखायला घेतले. रुळांची आखणी करणारा इंजिनिअर, ज्याला आम्ही 'रुळेश्वर' म्हणतो, माझ्या टेबलाशी आला. "स्टेशन गेलं, मग तिथला चढ ठेवायचा की सपाट करायचा? तुझ्या मातीला काय चालेल?"

मातीला दोन्ही चालत होतं. मी म्हणाले, "ठेव. वर थोडा सपाट तुकडा पण ठेव."

त्याने माझ्याकडे बघितलं. उतारावर स्टेशन बांधता येत नाही. सपाट तुकडा ठेवला तर पुढेमागे कुणाला सुबुद्धी झाली तेव्हा तिथे स्टेशन होऊ शकतं. हे त्याला कळत होतं. "साहेबांना काय सांगू?"

"सांग की चिखलबाईंचा सल्ला आहे. माझ्या नावावर काहीही खपतं आता."

साहेबांनी सही केली. नवीन नकाशे आखायचा वेळ वाचत होता, त्यांना तेवढं पुरलं. वरच्या मजल्यावर कुणी रुळांचे नकाशे बघत नाही. तिथे स्टेशनं म्हणजे एका ओळीत लिहिलेली नावं असतात, आणि त्यातलं एक नाव खोडलेलं होतं.

पुढची वर्षं कशी गेली ते सांगत बसत नाही. एका घरात दोन माणसं राहत होती आणि दुधाचं, बिलांचं, नळवाल्याचं बोलत होती. ऑफिसला मी बसने जायची. कामातली भीती मी आता कुणाला सांगत नाही. भिंती मात्र पूर्वीपेक्षा जाड आखते, आणि त्यावरून मला बोलणी बसतात.

मेट्रो सुरू झाली. फुलांच्या माळा, फुगे, पाहुण्यांचा फोटो. आणि त्या पाठोपाठ, अहवालात धरलं होतं अगदी तसं, त्या बाजूच्या बस बंद झाल्या. आईच्या टेकाडाखालची बससुद्धा. स्टेशन गाळताना कुणीही परत जाऊन बंद करायच्या बसच्या यादीतून ती बस वगळली नव्हती. का वगळतील? आकड्यांत ती माणसं अजूनही खाली येत होती. मी बसवाल्यांच्या ऑफिसात जाऊन भांडले. तिथल्या साहेबांनी मला शांतपणे मेट्रोचाच अहवाल दाखवला.

आई मग दुसऱ्या बससाठी लांबच्या चौकापर्यंत चालत जाऊ लागली. एकदा थकून परतताना त्या दगडी पायऱ्यांवर पडली. खुब्याचं हाड गेलं. ती आमच्या घरी आली, आणि घर विकायचं तिने स्वतःच ठरवलं, मला ते सुचवायची वेळही येऊ दिली नाही. सामानाचा शेवटचा टेंपो निघताना तिने दाराला कुलूप लावलं आणि सवयीने ओढून बघितलं. माझ्या नवऱ्याने तिच्यासाठी बाथरूममध्ये दांड्या बसवल्या, तिच्या खोलीला तिला हवा तसा पिवळा रंग दिला. मनापासून केलं त्याने, ते मी नाकारत नाही. "जावईबापूंसारखा माणूस मिळायला नशीब लागतं," आई मला ऐकवायची. मी भांडी जोरात आपटायची.

परवा तिला डोळ्यांच्या डॉक्टरकडे न्यायचं होतं. ती म्हणाली, "तुमच्या मेट्रोत मला कधी बसवलंच नाहीत." मी टाळत होते, पण नवरा म्हणाला चला, सगळेच जाऊ. डबा अर्धा रिकामा होता. त्याच्या आकड्यांनुसार त्या वेळी आम्हाला उभं राहायला जागा मिळायला नको होती. आई खिडकीशी बसली, मांडीवर पिशवी. बाहेर काळोखी भिंत धावत होती आणि ती लहान मुलासारखी काचेत आपलंच तोंड बघत होती. मी शेजारी. तो समोर दांडी धरून उभा.

एक स्टेशन गेलं. उतार लागला, वेग आला. आणि मग मला तो कळला. पायांना आधी, मग पाठीला. चढ. मी तो नकाशावर बोटाने कितीदा गिरवला होता, पण आईला घेऊन त्यावरून पहिल्यांदाच जात होते. मेट्रो जराशी मंदावली.

आईने पिशवी सावरली, दांडी धरली आणि उठून उभी राहिली.

"आलं की," ती म्हणाली आणि दाराकडे निघाली.

दार उघडलं नाही. बाहेर तीच काळी भिंत. मेट्रो सपाट तुकड्यावरून गेली, उतार लागला, आणि वेग आला तशी आई कलली. त्याने पटकन पुढे होऊन तिचं कोपर धरलं.

"आई, बसा. इथे स्टेशन नाही."

"मग मंदावली कशाला?"

"सिग्नल लागला असेल," तो म्हणाला. त्याला खरंच माहीत नव्हतं. इतकी वर्षं त्या मेट्रोचं भविष्य सांगणाऱ्या माणसाला तिचा एक चढ माहीत नव्हता.

मेट्रोच्या काचा उघडत नाहीत. वर-खाली करायला तिथे काही नसतं. मी आजूबाजूच्या लोकांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "सिग्नल नाही, आई. चढ आहे. स्टेशनसाठी ठेवलेला. आत्ता आपण तुझ्या गल्लीखालून गेलो."

"शिंपीकाकांच्या दुकानाखालून?"

"बरोबर दुकानाखालून."

ती विचार करत होती. शाळेत मुलांची चित्रं तपासताना करायची तसा चेहरा. "पण चढ ठेवायला माती चालली? ती तर वाईट होती ना?"

"माती चांगली होती. खाली खडक होता. तसं मी लिहून दिलं होतं."

"अगं, मग तू वाईट आहे असं का म्हणालीस?"

"आधी घाबरले होते, म्हणून म्हणाले. फक्त एकाच माणसाजवळ म्हणाले होते."

तो माझ्याकडे बघत होता. आत्ता गप्प बस, असं त्याचे डोळे विनवत होते, आणि मला त्याची दया आली नाही. आईने आधी माझ्याकडे बघितलं, मग मान वळवून त्याच्याकडे. तिचे डोळे खराब आहेत, पण आयुष्यभर चेहरेच काढत आलेली बाई आहे ती.

"आई, बसा ना," तो म्हणाला.

तिने त्याच्या हातातून आपलं कोपर सोडवून घेतलं आणि पुढचं स्टेशन येईपर्यंत ती दांडी धरून उभीच राहिली.